तोतया नवरदेव आणि शिशाची मोहोर: मध्ययुगात चर्चचा कायदा कसा घडला

एका खानदानी घरातल्या मुलीला निरोप येतो की, अमुक सरदाराच्या मुलाला तुझ्याशी लग्न करायचं आहे. ती होकार देते. नवरा मुलगा येतो, लग्न लागतं. पुढे एक दिवस खरा सरदारपुत्र दारात हजर! ज्याच्याशी लग्न लागलं तो तोतया, आणि नुसता तोतया नव्हे, तर जन्माने गुलाम. मुलगी म्हणते, माझी फसवणूक झाली, मला पहिल्याशीच लग्न करायचं आहे. आता सांगा, या मुलीचं लग्न झालंय की नाही?

हा खटला कुठल्याही कोर्टात उभा राहिलेला नव्हता. इटलीतल्या बोलोन्या शहरात ग्रेशियन नावाचा एक गुरुजी चर्चचा कायदा शिकवायचा. ११४० च्या आसपास पुऱ्या झालेल्या त्याच्या ग्रंथात विद्यार्थ्यांच्या डोक्याला खुराक म्हणून रचलेले असे ३६ खटले आहेत, त्यातला हा २९ वा. त्याचं उत्तर असं: चूक चार तऱ्हांची असते. माणूस ओळखण्यातली चूक, त्याच्या पैशाअडक्याबद्दलची चूक, तो स्वतंत्र की गुलाम याबद्दलची चूक आणि त्याच्या स्वभावाबद्दलची चूक. श्रीमंत समजून गरिबाशी लग्न केलं, सज्जन समजून दुर्जनाशी केलं, तरी लग्न पक्कं. पण माणूसच भलता निघाला किंवा गुलाम निघाला, तर मुळात संमतीच झालेली नाही, म्हणून लग्नही नाही. पटवून द्यायला तो बाजारातले दाखले देतो. मी माझं शेत मार्सेलसला विकायचं ठरवलं आणि पौलसने येऊन ‘मीच मार्सेलस’ म्हणत पैसे मोजले, तर शेत पौलसचं झालं का? सोनं देतो म्हणून पितळ हातावर ठेवलं, तर सौदा झाला का? (स्थळ सांगताना पगार फुगवणाऱ्यांना मात्र ग्रेशियनने अभय दिलंय. ती पैशाअडक्याची चूक.)

चर्चचा कायदा म्हटलं की डोळ्यासमोर काय येतं? पोप सिंहासनावर बसून हुकूम सोडतोय आणि युरोप मान खाली घालून ऐकतोय. मीही बरीच वर्षं तसंच समजत होतो. पण या कायद्याच्या खोलात शिरलं की चित्र उलटं दिसायला लागतं. त्यातला बराचसा भाग हुकमातून आलेला नाही, तो प्रश्नांच्या उत्तरांतून आलाय. खालून कुणीतरी विचारतं, वरून उत्तर येतं, ते उत्तर कुणीतरी जपून ठेवतं आणि पुढच्या भांडणात तोच नियम म्हणून पुढे करतं. पोपची सत्ता वाढली ती बऱ्याच अंशी लोक आपापली भांडणं घेऊन त्याच्या दारात जायला लागले म्हणून.

आधी शब्दाबद्दल. ‘कॅनन’ हा मूळ ग्रीक शब्द, अर्थ मोजमापाची सरळ काठी, त्यावरून नियम. तोच शब्द अरबीत ‘कानून’ झाला आणि फिरत फिरत आपल्याकडे येऊन ‘कायदेकानू’त बसला. म्हणजे ‘कॅनन लॉ’ आणि आपला ‘कानू’ एकाच आजोबाची नातवंडं.

ग्रेशियनपुढे अडचण होती ती नियम फार असण्याची. हजारएक वर्षांत धर्मपरिषदांनी ठराव केले होते, पोपनी पत्रं लिहिली होती, ऑगस्टीन-जेरोमसारख्या आचार्यांची वचनं होती, रोमन बादशहांचे कायदे होते. एक ठराव म्हणे अमुक करू नये, दुसरा म्हणे करायला हरकत नाही. त्यातच नवव्या शतकात फ्रँकांच्या राज्यात कुणीतरी जुन्या पोपच्या नावांवर बनावट पत्रांचा आख्खा गठ्ठाच रचला होता. उद्देश बहुधा हा की, राजाने किंवा आर्चबिशपने छळलं तर साध्या बिशपला रोमकडे दाद मागता यावी. त्यातली कितीतरी पत्रं ग्रेशियनने अस्सल समजून आपल्या ग्रंथात घेतली. पोपच्या अधिकाराचे काही खांब असे नकली लाकडाचे होते, पण ते कळायला अजून तीनशे-चारशे वर्षं जायची होती.

ग्रेशियनच्या ग्रंथाचं नावच ‘विसंगत नियमांची सुसंगती’ अशा अर्थाचं आहे. जवळपास चार हजार उतारे त्याने एकत्र केले आणि एकेका प्रश्नाखाली ‘हो’ म्हणणारे एकीकडे, ‘नाही’ म्हणणारे दुसरीकडे असे मांडले. मग स्वतः मध्ये पडून सोडवणूक केली. हा नियम सर्वांसाठी आहे, तो एका प्रांतापुरता होता. हा कायमचा, तो अडचणीच्या काळातली सवलत. हा हुकूम, तो नुसता सल्ला. हा माणूस कोण, कुठला, याची खात्रीलायक माहिती जवळपास नाही. पोपने त्याला हे काम सांगितलेलं नव्हतं आणि त्याच्या ग्रंथावर सरकारी शिक्काही नव्हता. एका मास्तरचं क्रमिक पुस्तक चांगलं निघालं आणि सगळ्या युरोपच्या वर्गांत आणि कोर्टांत चालू लागलं, एवढंच.

आता पत्रांकडे येऊ. समजा, एखाद्या बिशपपुढे असा पेच आलाय की ग्रंथात त्याचं उत्तर नाही. तो रोमला लिहितो. किंवा त्याने दिलेला निकाल मान्य नसलेला पक्षकार स्वतःच रोमची वाट धरतो. रोमहून उत्तर येतं, त्याला डिक्रीटल म्हणतात. पण इंग्लंडमधल्या साक्षीदारांना आल्प्स ओलांडून रोमला कोण नेणार? मग पोप त्याच भागातल्या दोन-तीन जाणत्या धर्माधिकाऱ्यांना लिहितो: तुम्ही माझ्या वतीने चौकशी करा, असं असं सिद्ध झालं तर असा असा निकाल द्या. म्हणजे कोर्ट गावातच, अधिकार मात्र रोमचा. फौजफाटा न बाळगता हजार कोसांवर हुकमत चालवायची ही युक्ती मला तरी या सगळ्या व्यवस्थेतली सर्वांत हुशार गोष्ट वाटते. तिसरा अलेक्झांडर ११५९ ते ११८१ पोप होता. एकट्या त्याची सातशेहून अधिक अशी पत्रं टिकून आहेत आणि त्यातली बरीचशी इंग्लंडला पाठवलेली आहेत.

याच अलेक्झांडरने लग्नाच्या प्रश्नाचा निकाल लावला. लग्न नेमकं कशाने होतं यावर पंडितांचे दोन तट होते. बोलोन्याचे म्हणत, संमतीने सुरू होतं आणि शरीरसंबंधाने पुरं होतं. पॅरिसचे म्हणत, संमती पुरे. अलेक्झांडरच्या पत्रांतून हळूहळू नियम पक्का झाला तो क्रियापदाच्या काळावर. ‘मी तुला पत्नी म्हणून स्वीकारतो’ असं वर्तमानकाळात म्हटलं आणि तिनेही तसंच म्हटलं, की लग्न झालं. ‘स्वीकारीन’ असं भविष्यकाळात म्हटलं तर तो नुसता वाङ्निश्चय. मात्र त्यानंतर दोघं एकत्र आले तर तेही लग्नच. यात धर्मगुरू लागत नव्हता, साक्षीदार लागत नव्हते आणि आईबापांची परवानगीही लागत नव्हती. बाराव्या शतकात, घराण्यांच्या सोयरिकी जमिनीच्या तुकड्यांवर ठरत असताना, कायदा म्हणत होता की, दोघांची ‘हो’ एवढंच बघा. अर्थात याचा ताप चर्चच्याच कोर्टांना झाला. ‘त्याने गोठ्याच्या मागे मला वर्तमानकाळात शब्द दिला होता’ आणि ‘छे, मी भविष्यकाळात बोललो होतो’ छापाचे दावे. साक्षीदार नसेल तर काय करणार? धर्मगुरू आणि साक्षीदार यांच्यासमोर लावलेलंच लग्न खरं, हा नियम व्हायला १५६३ उजाडलं.

पत्रावर सगळं चालायला लागलं की खोटी पत्रं येणारच. पोपच्या पत्राला दोरा ओवून शिशाची मोहोर लावलेली असे, एका बाजूला संत पीटर आणि पॉलचे चेहरे, दुसऱ्या बाजूला पोपचं नाव. तिसरा इनोसंट ११९८ मध्ये पोप झाला आणि पहिल्याच वर्षी रोममध्ये बनावट पत्रांचा कारखाना त्याच्या हाती लागला. मग त्याने मिलानच्या लोकांना लिहिलेल्या पत्रात बनवाबनवीचे प्रकारच मोजून दाखवले. खोट्या पत्राला खोटी मोहोर. खऱ्या पत्राचा दोरा काढून खरी मोहोर खोट्या पत्राला. दोरा घडीखाली कापून, तशाच तागाच्या दोऱ्याने पुन्हा जोडणं. एखाददुसरं अक्षर हलकेच खरवडणं. पाण्याने किंवा दारूने आख्खा मजकूर धुऊन त्याच कातड्यावर नवा लिहिणं. मूळ पत्रावर त्याच मापाचं पातळ चर्मपत्र चिकटवणं. आणि मोहोर लावायच्या गठ्ठ्यात हळूच आपलं एक पत्र सरकवून देणं. हे शेवटचं पकडणं सर्वांत अवघड, कारण मोहोरही खरी आणि लावणारा कारकूनही खरा. ही यादीही पुढे कायद्याच्या पुस्तकात गेली.

पत्रं साठत गेली आणि ग्रेशियनने आवरलेलं घर पुन्हा पसाऱ्याने भरलं. निरनिराळ्या लोकांनी निरनिराळे संग्रह केले, एकात असलेलं पत्र दुसऱ्यात नाही. शेवटी पोप नवव्या ग्रेगरीने पेन्याफोर्टच्या रेमंड या डॉमिनिकन पंथाच्या स्पॅनिश साधूला कामाला बसवलं. त्याने कात्री चालवून, एकाच पत्राचे तुकडे विषयवार वाटून, पाच भाग केले: न्यायाधीश, खटला, धर्मगुरू, लग्न, गुन्हा. हा क्रम पाठ व्हावा म्हणून विद्यार्थ्यांसाठी लॅटिनमध्ये एक ओळच होती. १२३४ मध्ये ग्रेगरीने तो ग्रंथ बोलोन्या आणि पॅरिसच्या विद्यापीठांना पाठवून बजावलं की, यापुढे कोर्टात आणि वर्गात हाच वापरायचा. कायदा जाहीर करायचा तर तो विद्यापीठांना पाठवायचा, यावरून सत्तेचं केंद्र कुठे सरकलं होतं ते दिसतं. बिशप व्हायचं तर बायबलापेक्षा कायद्याची पदवी जास्त कामाची, अशी कुरकुर तेव्हाचे भाविक करत होते. ती खोटी नव्हती.

हे यंत्र प्रत्यक्षात कसं चाले? एक प्रकरण जवळून बघू.

१४ ऑगस्ट ११९३. फ्रान्समधल्या आमियां गावात राजा दुसरा फिलिप आणि डेन्मार्कची राजकन्या इंगेबोर्ग यांचं लग्न झालं. तिचं वय साधारण अठरा. दुसऱ्या दिवशी राणीचा अभिषेक चालू असतानाच राजाचा चेहरा पालटला आणि त्याने तिला परत पाठवायचं ठरवलं. त्या रात्री काय झालं यावर आठशे वर्षं तर्क चालू आहेत, मी त्यात पडत नाही. तीन महिन्यांच्या आत काँपियेन गावी बिशपांची सभा भरली. अध्यक्ष राजाचे सख्खे मामा, रेंसचे आर्चबिशप. एक वंशावळ पुढे ठेवली गेली: इंगेबोर्ग ही राजाच्या मयत पहिल्या राणीची नात्यातली आहे, म्हणून हे लग्न निषिद्ध नात्यात झालंय. तेव्हा सात पिढ्यांपर्यंतचं नातं चालत नसे आणि बायकोचे नातलगही आपलेच नातलग धरत. आपल्याकडे सगोत्र म्हणून लग्नं मोडतात, त्याहून हे जाळं मोठं होतं. राजघराण्यांत तर कुणाचं कुणाशी नातं निघणार नाही? त्यामुळे नकोशी बायको टाकायला वंशावळ हे हुकमी हत्यार झालं होतं. सभेने लग्न रद्द केलं.

इंगेबोर्गला फ्रेंच येत नव्हतं. दुभाष्याने निकाल समजावला, तेव्हा ती रडत मोडक्यातोडक्या लॅटिनमध्ये एवढंच म्हणाली: ‘वाईट फ्रान्स, वाईट फ्रान्स! रोम, रोम!’ एका शब्दात तिने अपील दाखल केलं होतं.

पोप तिसरा सेलेस्टिन याने काँपियेनचा निकाल रद्द ठरवला. फिलिपने लक्ष दिलं नाही आणि ११९६ मध्ये मेरानियाच्या आग्नेसशी लग्न केलं. मग आला इनोसंट. त्याने १२०० च्या जानेवारीत फ्रान्सवर ‘इंटरडिक्ट’ घातला. म्हणजे राज्यभरातल्या देवळांना जणू टाळंच: मिस्सा (चर्चमधली मुख्य उपासना) नाही, पवित्र भूमीत दफन नाही. राजाने चूक केली म्हणून गावचा शेतकरी मयताची माती अडवून बसणार. हा न्याय मला कधीच पटलेला नाही, पण त्याचा दाब पडायचा हे खरं. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात फिलिपने तोंडदेखली माघार घेतली आणि बंदी उठली. १२०१ मध्ये स्वासों इथे रीतसर सुनावणी बसली. निकाल विरुद्ध जाणार असं दिसताच फिलिप अचानक तिथे आला, इंगेबोर्ग माझीच बायको आहे असं जाहीर केलं आणि तिला घोड्यावर घालून निघून गेला. खटलाच संपला! राणीची रवानगी पुन्हा कोंडवाड्यात. आग्नेस त्याच वर्षी वारली. तिची मुलं औरस ठरवून इनोसंटनेही आपला व्यवहार पाहिलाच.

पुढे फिलिपने पवित्रा बदलला: जादूटोण्यामुळे आमचा संबंध आलाच नाही. का, ते आता लक्षात येईल. संबंध न आलेलं लग्न मोडायला कायद्यात फट होती, संबंध आलेल्याला नव्हती. इंगेबोर्ग मात्र शेवटपर्यंत सांगत राहिली की, संबंध आला होता. रोमला लिहिलेल्या पत्रांत धड अन्न मिळत नाही, धड कपडे मिळत नाहीत, आपल्या भाषेचं माणूस भेटू देत नाहीत, अशा तक्रारी आहेत. पण त्या एका मुद्द्यावरून ती हलली नाही. १२१३ मध्ये फिलिपने तिला राणी म्हणून परत आणलं, तेही इंग्लंडशी लढाईत डेन्मार्कची मदत मिळेल या हिशेबाने. मग कायदा जिंकला का? वीस वर्षं लागली आणि शेवटी कामी आलं ते राजकारण. पण त्या वीस वर्षांत युरोपातल्या सर्वांत बलाढ्य राजांपैकी एकाला एका परक्या मुलीचं ‘नाही’ पुसून टाकता आलं नाही, हेही खरं.

१२१५ च्या नोव्हेंबरात इनोसंटने रोममध्ये लॅटरन इथे परिषद भरवली. चारशेवर बिशप आणि त्याच्या दुप्पट मठाधिपती. वंशावळीच्या हत्याराची धार कमी करायला निषिद्ध नाती सात पिढ्यांवरून चारवर आणली. कारण काय दिलं, तर शरीरात चार द्रव असतात आणि चार महाभूतं! पन्नाशीतल्या कुठल्याही वकिलाला हे ओळखीचं वाटेल: निर्णय आधी, कारण मागून. गुपचूप लग्नांना आळा म्हणून असंही ठरलं की, लग्नाआधी चर्चमध्ये जाहीर घोषणा व्हावी आणि कुणाला अडचण ठाऊक असेल तर त्याने मुदतीत सांगावी. वसईतल्या एखाद्या चर्चमध्ये रविवारच्या मिस्साला गेलात, तर अमुक यांचा मुलगा आणि तमुक यांची मुलगी विवाहबद्ध होणार आहेत, कुणाची हरकत असल्यास कळवावे, असं कानावर पडेल. बाकावरची पोरं तेव्हा एकमेकांना कोपराने ढोसत असतात. आठशे वर्षांपूर्वीचा नियम आहे तो.

त्याच परिषदेने धर्मगुरूंना दिव्यात भाग घ्यायला मनाई केली. आपल्याकडे दिव्य करायचे तसंच तिथेही होतं: आरोपीने तापलेलं लोखंड हातात धरायचं, नाहीतर त्याला थंड पाण्यात बुडवायचं आणि खरंखोटं देवावर सोडायचं. लोखंडाला आशीर्वाद देणारा धर्मगुरूच गेला, म्हणजे दिव्याचा प्राणच गेला. मग गुन्हा शाबीत कसा करायचा? इंग्लंड पंचांकडे, ज्यूरीकडे वळलं. चर्चच्या कोर्टांत लेखी कामकाज आलं: तक्रार लेखी, साक्षीदार वेगवेगळे तपासायचे, सुनावणीची नोंद ठेवायला माणूस, नकला दोन्ही पक्षांना. आजच्या कोर्टाच्या कितीतरी सवयी इथल्या आहेत.

पण याच मुळातून विषारी फांदीही फुटली. तक्रारदार नसला, तरी बदनामी कानावर आल्यावर अधिकाऱ्याने स्वतःहून चौकशी करावी, अशी रीत इनोसंटने पक्की केली. तिचं नाव ‘इन्क्विझिसियो’, म्हणजे नुसतं चौकशी. ती आणली होती भ्रष्ट बिशप आणि मठाधिपतींना धरायला, कारण त्यांच्यावर आरोप करायला कोण धजणार? दोन पिढ्यांच्या आत तीच रीत पाखंडी ठरवलेल्यांवर वळली. साक्षीदारांची नावं लपवली जाऊ लागली आणि १२५२ मध्ये चौथ्या इनोसंटने छळ करून कबुली घ्यायला वाव दिला. हा इनोसंट स्वतः त्या काळातला नाणावलेला कायदेपंडित. गोव्यात १५६० ते १८१२ या काळात, मधली थोडी वर्षं वगळता, जे इन्क्विझिशन चाललं ते पोर्तुगालच्या राजसत्तेच्या आधाराने. पण गुप्त साक्ष, कैद आणि कबुली ही त्याची कार्यपद्धती याच घराण्यातली.

राज्यकारभाराचा मूळ प्रश्न आणखी जुना होता: बिशप कोण नेमणार? बिशपकडे जमिनी, किल्ले, सैन्य. त्यामुळे राजांना तो आपला माणूस हवा. पोप सातव्या ग्रेगरीने हे मोडायला घेतलं आणि जर्मन राजा चौथा हेन्री १०७७ च्या जानेवारीत कनोसाच्या किल्ल्यापुढे बर्फात तीन दिवस क्षमा मागत उभा राहिला. ते चित्र प्रसिद्ध आहे. तोडगा मात्र ११२२ मध्ये वर्म्स इथे निघाला, आणि तो वकिली थाटाचा: बिशपपण वेगळं, जहागीर वेगळी. अंगठी आणि धर्मदंड चर्चने द्यायचा, जमिनीचा अधिकार राजाने. गावपातळीवरही असाच मार्ग काढला. ज्याने चर्च बांधलं, जमीन दिली, त्याला तिथल्या धर्मगुरूचं नाव ‘सुचवण्याचा’ हक्क, पण नेमणूक बिशपची. आश्रयदात्याचा हा हक्क पुढे फार लांब पोचला. पोर्तुगालच्या राजाला पूर्वेकडच्या चर्चसाठी तो मिळाला, त्याचं नाव पाद्रोआदो. इंग्रजांच्या मुंबईत त्याने अशी गुंतागुंत केली की, १७९४ पासून शहरातली काही चर्चेस गोव्याच्या आर्चबिशपखाली आणि काही थेट रोमच्या प्रतिनिधीखाली. एकाच गल्लीतल्या दोन कॅथलिक घरांचे बिशप वेगळे! हे त्रांगडं १९२८ पर्यंत चाललं.

पोपच्या निवडीचे नियमही असेच भांडणांतून घडले. ११५९ मध्ये एका गटाने अलेक्झांडरला निवडलं, दुसऱ्याने आणखी कुणाला, आणि ‘आमचा पक्ष लहान पण शहाणा’ असा दावा झाला. त्यातून ११७९ मध्ये नियम आला: शहाणपण मोजता येत नाही, डोकी मोजा, कार्डिनलांच्या, म्हणजे पोपखालच्या सर्वांत वरिष्ठ धर्माधिकाऱ्यांच्या, दोन-तृतीयांश मतांशिवाय पोप नाही. १२६८ नंतर व्हितेर्बो गावात कार्डिनल जवळपास तीन वर्षं घोळ घालत बसले, तेव्हा १२७४ मध्ये दुसरा नियम: सगळ्यांना एकत्र कोंडा. तीन दिवसांत निवड नाही झाली तर जेवणात एकच पदार्थ. आणखी पाच दिवसांनी भाकरी, पाणी आणि वाइन. ‘कॉनक्लेव्ह’ म्हणजे किल्ली लावलेली खोली. ८ मे २०२५ ला सिस्टीन चॅपेलच्या धुराड्यातून पांढरा धूर निघाला, तेव्हा आत १३३ कार्डिनल होते आणि ८९ मतं हवी होती. बाराव्या शतकाचं गणित. निवडून आलेले चौदावे लिओ स्वतः कॅनन लॉमधले डॉक्टर आहेत.

आता या कायद्याची खरी परीक्षा. ग्रेशियनच्या ग्रंथात एक वाक्य होतं: पोपचा न्याय कुणीही करू शकत नाही, तो श्रद्धेपासून ढळलेला आढळला तर गोष्ट वेगळी. हा ‘तर’ दोनशे वर्षं भाष्यकार चघळत होते. ढळलाय हे ठरवणार कोण? कार्डिनल? परिषद? वर्गात ही चर्चा बिनधोक होती. १३७८ मध्ये ती रस्त्यावर आली. रोममध्ये बाहेर जमाव ‘आम्हाला रोमन पोप द्या’ म्हणून ओरडत असताना कार्डिनलांनी सहावा अर्बन निवडला. काही महिन्यांनी त्यांनीच जाहीर केलं की, आम्ही जिवाच्या भीतीने मत दिलं आणि भीतीपोटी दिलेली संमती ही संमती नव्हे. लग्नाच्या कोर्टात रोज चालणारा युक्तिवाद त्यांनी पोपच्या निवडीला लावला! त्यांनी दुसरा पोप निवडला, तो अविन्यॉंला जाऊन बसला. अर्बन हटला नाही. दोघेही एकमेकांना तोतया म्हणत राहिले आणि दोघांचेही वारस निवडले जात राहिले. १४०९ मध्ये पिसाच्या परिषदेने दोघांना काढून नवा निवडला, तर झाले तीन.

१४१४ मध्ये कॉन्स्टन्स इथे परिषद भरली, तिने पुढच्या वर्षी ठराव केला की, सार्वत्रिक परिषदेला अधिकार थेट ख्रिस्ताकडून आहे आणि फूट मिटवण्याच्या बाबतीत पोपनेही तिचं ऐकलं पाहिजे. पिसावाला तेविसावा जॉन वेश पालटून पळाला, पकडून आणून त्याला पदच्युत केलं. रोमवाल्या बाराव्या ग्रेगरीने राजीनामा द्यायचं कबूल केलं. पण आधी आपल्या नावाने परिषद पुन्हा ‘बोलवायला’ लावली आणि मगच दिला, म्हणजे कागदोपत्री आपण खरे. १४१७ च्या नोव्हेंबरात २३ कार्डिनल आणि पाच ‘राष्ट्रां’चे प्रत्येकी सहा प्रतिनिधी यांनी मिळून पाचवा मार्टिन निवडला.

उरला अविन्यॉंचा तेरावा बेनेडिक्ट. मूळचा पेद्रो दे लुना, एके काळी माँपेलिएच्या विद्यापीठात कॅनन लॉ शिकवणारा प्राध्यापक. त्याने मांडलेला मुद्दा पाहा. तुम्ही म्हणता तिन्ही पोप संशयित. ठीक. मग १३७८ नंतर नेमलेला प्रत्येक कार्डिनलही संशयित. ज्याच्याबद्दल कुणालाच वाद नाही अशा पोपने त्याआधी नेमलेला एकच कार्डिनल आज जिवंत आहे, तो मी. तेव्हा पोप निवडण्याचा निर्विवाद हक्क माझ्या एकट्याचा. तर्कात खोट काढणं अवघड होतं, म्हणून परिषदेने खोट काढत न बसता त्याला सरळ पदावरून काढलं. तो स्पेनच्या किनाऱ्यावर पेनीस्कोलाच्या समुद्राने वेढलेल्या किल्ल्यात १४२३ मध्ये मरेपर्यंत पोप म्हणूनच राहिला. मरण्यापूर्वी त्याने चार नवे कार्डिनल नेमले. त्यातल्या तिघांनी नवा पोप निवडला. चौथा, जाँ कार्ये, तेव्हा तिथे नव्हता. तो परत आला, कागद तपासले, या निवडीत पैशांची देवघेव झालीय म्हणून ती कायद्याने बाद आहे असं ठरवलं आणि १४२५ मध्ये एकट्यानेच बसून आपला पोप निवडला. मतदार एकच असल्यामुळे दोन-तृतीयांशांचा प्रश्न आला नाही.